होम लोन शेवटी कितीला पडतं? ईएमआय सोडून बाकीचं गणित इथे मांडूया

अंत्रूजकन्या, फोंडा

नमस्कार मंडळी. धाकटा भाऊ कुर्टीला फ्लॅट घेतोय, ६५ लाखांचा, त्यातलं ५० लाख लोन. घरात सध्या जेवायला बसलं तरी हाच विषय आणि जो येतो तो एकच विचारतो, ईएमआय किती बसतो? बँकेतला माणूस पण तेच सांगतो, ३० वर्षं घ्या, ३८ हजारांत बसेल, हातात पैसे खेळते राहतील. मी अकाउंट्समध्ये काम करते म्हणून एक्सेल उघडून बसले आणि जे आकडे आले ते इथे टाकतेय, कारण मला मनापासून वाटतं की सही करायच्या आधी प्रत्येकाने हे एकदा तरी डोळ्यांखालून घालायला हवं.

५० लाख, ८.५ टक्के, आणि दर शेवटपर्यंत तोच राहिला असं धरून. १५ वर्षांना ईएमआय ४९,२३७, एकूण व्याज ३८.६ लाख. २० वर्षांना ४३,३९१, व्याज ५४.१ लाख. २५ ला ४०,२६१ आणि व्याज ७०.८ लाख. ३० वर्षांना ३८,४४६ आणि व्याज ८८.४ लाख. म्हणजे २० वरून ३० वर गेलो तर महिन्याला जेमतेम पाच हजार कमी भरायचे आणि त्या सोयीसाठी वर ३४ लाख जास्त व्याज द्यायचं. हे मला भावाला तोंडी सांगून पटत नव्हतं, कागदावर दाखवल्यावर तो गप्प बसून बघत राहिला.

आता असं का होतं. व्याज दर महिन्याला शिल्लक मुद्दलावर लागतं. २० वर्षांच्या लोनचा पहिला हप्ता ४३,३९१ चा, त्यातले ३५,४१७ व्याजात जातात आणि मुद्दलात फक्त ७,९७४. पहिल्या वर्षी ५ लाख २० हजार भरायचे आणि मुद्दल कमी होणार साधारण एक लाखाने. पाच वर्षांत २६ लाख भरून झाले तरी मुद्दल सहा लाखांनी सुद्धा कमी झालेलं नसतं. दहा वर्षं झाली, अर्धी मुदत संपली, तरी ३५ लाख बाकी. अर्धं मुद्दल फिटायला चौदावं वर्ष उजाडतं. ह्यात बँक काही फसवत नाही, गणितच तसं आहे, पण ते माहीत असेल तर सुरुवातीच्या वर्षांत हातात आलेल्या पैशाची किंमत वेगळी दिसायला लागते.

तुमच्याकडे ह्याशिवाय कुठले खर्च लागले, काय बघायचं राहतं, सगळं लिहा. गोव्यातलं खास काही असेल तर नक्की.

मांडवीकाठी, पणजी

ताई आकडे बरोबर आहेत, पण एक बाजू राहिली. आजचे ४३ हजार आणि २० वर्षांनंतरचे ४३ हजार एक नाहीत. महागाई ५ टक्के धरली तर शेवटचा ४३,३९१ चा हप्ता आजच्या हिशोबाने १६ हजारांच्या आसपास येतो. पगार वाढतो, हप्ता तोच राहतो. त्यामुळे एकूण व्याज ५४ लाख हा आकडा ऐकून घाबरून कोणी घरच घेऊ नये असं व्हायला नको. माझ्या वडिलांनी पर्वरीला घर घेतलं तेव्हा हप्ता डोंगराएवढा वाटायचा, शेवटी शेवटी तो किरकोळ वाटायला लागला.

अंत्रूजकन्या, फोंडा

बरोबर आहे, मान्य. पण हाच मुद्दा पुढे नेऊया. पगार वाढतो आणि हप्ता तोच राहतो, तर मग वाढलेल्या पगारातला थोडा भाग लोनमध्ये गेला तर काय होतं ते पण मी काढून बघितलं. दरवर्षी ईएमआय ५ टक्क्यांनी वाढवत नेला, म्हणजे ह्या वर्षी ४३,३९१ तर पुढच्या वर्षी ४५,५६१ असा, तर २० वर्षांचं लोन सव्वाबारा वर्षांत संपतं. तेवढं जमत नसेल तर वर्षाला एकच जादा हप्ता, चतुर्थीच्या बोनसमधून म्हणा, तरी १६ वर्षं ८ महिन्यांत संपतं आणि साधारण १० लाख व्याज वाचतं. पैशाची किंमत कमी होते म्हणून लांबवा असं म्हणणाऱ्यांनी हे पण बघावं की बँक ८.५ टक्के लावते तेव्हा ती महागाई धरूनच लावते.

झुआरी७७, वास्को

धागा वेळेवर आला. मी २०२१ च्या सुरुवातीला ४० लाख घेतलेले, दर ६.७५, मुदत २० वर्षं, ईएमआय ३०,४१५. नंतर दर वाढत गेले ते सगळ्यांनाच आठवत असेल. ईएमआय बराच काळ तोच कापला जात होता, मग दीडेक हजाराने वाढला, घरात कोणाला फार काही वाटलं नाही. पुढे एका कामासाठी ब्रँचमधून स्टेटमेंट काढलं तर बाकी हप्ते ३३० च्या वर. दोन वर्षं भरून झालेली होती, म्हणजे २१६ च्या आसपास असायला हवे होते. मला पत्र नाही, मेसेज नाही, कोणी विचारलं नाही. ब्रँचमध्ये विचारलं तर म्हणाले सिस्टीम आपोआप करते. माझी रिटायरमेंट होऊन गेल्यावर पण हप्ते चालू राहणार असं त्या कागदावर लिहिलं होतं, तो कागद बायकोला दाखवायला धीर होत नव्हता.

कुळागर, सावईवेरे

मी राष्ट्रीयीकृत बँकेत क्रेडिट विभागात होतो, आता निवृत्त. झुआरी बाब, तुमच्या बाबतीत काय घडलं ते आकड्यांत सांगतो म्हणजे बाकीच्यांना पण कळेल.

रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते तो, २०२० च्या मे महिन्यापासून ४ टक्क्यांवर होता. मे २०२२ मध्ये वाढायला सुरुवात झाली आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये तो ६.५० वर पोचला. अडीच टक्के, तेही वर्षाच्या आत. ऑक्टोबर २०१९ नंतर बँकांनी दिलेली फ्लोटिंग होम लोनं बाहेरच्या बेंचमार्कला, म्हणजे बँकेने स्वतः न ठरवलेल्या दराला, बहुतेक ठिकाणी रेपोलाच, जोडलेली असतात आणि तीन महिन्यांतून किमान एकदा रिसेट होतात, म्हणजे दर नव्याने लागतो. त्यामुळे ६.७५ चं ९.२५ झालं. समजा तेव्हा तुमची बाकी ३८ लाख २० हजार होती, तर महिन्याचं नुसतं व्याज २९,४४६. ईएमआय ३०,४१५. मुद्दलात जाणार ९६९ रुपये. ह्या वेगाने लोन फिटायला ३७ वर्षं लागतात. बँकेला तेवढी मुदत देता येत नाही म्हणून थोडा ईएमआय वाढवून ३३० हप्त्यांवर बसवलं असणार. मूळच्या मुदतीत, म्हणजे २१६ हप्त्यांत ठेवायचं असतं तर ईएमआय साधारण ३६,३७१ करावा लागला असता. दर तसाच राहिला असं धरलं तर दोन्हींत एकूण भरण्याचा फरक जवळपास २७ लाखांचा येतो. २७ लाख, आणि हा निर्णय कर्जदाराला न विचारता झाला. नोकरीत असताना पण मला हे खटकायचं आणि मी बोलायचो.

आता नियम ऐका. रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ ला परिपत्रक काढलं. दर रिसेट होताना ईएमआय वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हा पर्याय कर्जदाराला द्यायलाच हवा. फिक्स्ड दरावर जायचा पर्याय पण द्यायला हवा असं त्यात होतं, पण ऑक्टोबर २०२५ पासून तो द्यायचा की नाही हे बँकेवर आहे. मुदत वाढल्यामुळे हप्त्यातून व्याज सुद्धा निघत नाही अशी वेळ येऊ द्यायची नाही. आणि दर तिमाहीला स्टेटमेंट द्यायचं ज्यात आतापर्यंत किती मुद्दल, किती व्याज वसूल झालं, ईएमआय किती, हप्ते किती उरले आणि वार्षिक दर काय हे सगळं असेल. जुन्या लोनांना पण लागू आहे. तुम्ही लेखी अर्ज द्या की मला मूळ मुदतीवर परत यायचं आहे, ईएमआय किती होईल ते लेखी कळवा. तोंडी बोलू नका. उत्तर महिनाभरात आलं नाही किंवा पटलं नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे ऑनलाइन तक्रार करता येते, फी नाही.

झुआरी७७, वास्को

काका खूप खूप आभार. अर्ज उद्याच टाकतो. २०२५ मध्ये दर खाली आले त्याचं काय मग? माझा ईएमआय तेवढाच आहे.

कुळागर, सावईवेरे

फेब्रुवारी २०२५ ते डिसेंबर २०२५ मध्ये रेपो ६.५० वरून ५.२५ वर आला. तुमचं लोन रेपोला जोडलेलं असेल तर दर सव्वा टक्क्याने उतरला असणार, ईएमआय तोच असेल तर हप्त्यांची संख्या कमी झाली असणार, स्टेटमेंटवर बघा. दर उतरला की काही ठिकाणी ईएमआय कमी करून देऊ का विचारतात. जमत असेल तर नको म्हणा. उदाहरण देतो, ४० लाख बाकी, १८ वर्षं उरली, दर ८.७५ वरून ८.२५ झाला. ईएमआय ३६,८३६ चा ३५,६०६ करून घेतला तर शेवटपर्यंत २ लाख ६५ हजारांच्या आसपास वाचतात. तोच ईएमआय चालू ठेवला तर लोन जवळजवळ १६ महिने आधी संपतं आणि पावणेसहा लाख वाचतात. दर तोच, घर तेच.

एक लक्षात ठेवा, हाउसिंग फायनान्स कंपनीचं लोन असेल तर हा रेपोचा नियम तिथे लागू नाही. त्यांचा स्वतःचा दर असतो, तो वाढताना लगेच वाढतो, उतरताना मागे पुढे होतं. तिथे ग्राहकाने स्वतः विचारणा करावी लागते.

रापणकार, काणकोण

जुनं लोन असेल तर? माझं २०१५ चं आहे, बेस रेट की काय तेच माहीत नाही.

कुळागर, सावईवेरे

२०१५ चं बँकेचं असेल तर बेस रेटवरच, म्हणजे बँकेने स्वतः ठरवलेल्या जुन्या पद्धतीच्या दरावर, असणार, एमसीएलआर ही त्यानंतरची पद्धत एप्रिल २०१६ पासून आली. नवीन ग्राहकांना मिळतो तो दर आणि तुमचा दर ह्यात मोठा फरक निघण्याची शक्यता आहे. त्याच बँकेत थोडी कन्व्हर्जन फी भरून रेपोच्या दरावर जाता येतं. आधी आपल्याच बँकेला विचारा, मग दुसरीकडे ट्रान्सफरचा विचार करा, कारण ट्रान्सफरला प्रोसेसिंग, लीगल, व्हॅल्युएशन, मॉर्गेजचे कागद हे सगळं पुन्हा एकदा लागतं. बाकी थोडी उरली असेल, चार पाच वर्षं, तर त्यात फारसा फायदा निघत नाही कारण व्याजाचा मोठा भाग देऊन झालेला असतो.

सांखळीकर, सांखळी

इन्शुरन्सबद्दल कोणी लिहिलं नाही म्हणून लिहितो. माझ्या चुलतभावाला सँक्शनच्या वेळी लोन कव्हर घ्यायला लावलं, एकरकमी प्रीमियम दीड लाख, आणि म्हणाले खिशातून काही नको, लोनमध्येच घालतो. त्याला वाटलं बरं झालं. पण ते दीड लाख पण ८.५ टक्क्यांनी २० वर्षं चालणार, म्हणजे प्रत्यक्षात ३ लाख १२ हजार भरायचे. वर त्या कव्हरची रक्कम लोनबरोबर कमी कमी होत जाते. तेवढ्याचाच साधा टर्म प्लॅन स्वतः बाहेरून घेतला तर कव्हर पूर्ण राहतं आणि लोन लवकर संपलं तरी पॉलिसी आपलीच राहते. विमा पाहिजेच, घरात कमावणारा एकच असेल तर तो सगळ्यात आधी पाहिजे, फक्त त्याच कंपनीचा घ्यायची सक्ती कोणी करू शकत नाही हे ठामपणे सांगायचं.

पाटोवरचा_वकील, पणजी

गोव्यापुरतं लिहितो, लोनच्या कॅल्क्युलेटरमध्ये हे येत नाही.

पहिलं म्हणजे स्टँप ड्युटी आणि रजिस्ट्रेशन. महाराष्ट्रात रजिस्ट्रेशन फी ३० हजारांवर थांबते, आपल्याकडे ती पण किमतीच्या टक्क्यांत जाते. दर स्लॅबप्रमाणे बदलतात, म्हणून आपल्या तालुक्याच्या सब-रजिस्ट्रारकडे चालू दर विचारूनच बजेट करा. आणि ही रक्कम लोनमध्ये बसत नाही. घराची किंमत ठरवताना बँकेने स्टँप ड्युटी, रजिस्ट्रेशन धरायचं नाही असा नियम आहे (१० लाखांच्या आतलं घर असेल तर धरता येतं). त्यात ३० ते ७५ लाखांच्या लोनला किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंतच मिळतं. म्हणजे ६५ लाखांच्या फ्लॅटला जास्तीत जास्त ५२ लाख, बाकी १३ लाख आणि वरचा सगळा खर्च स्वतःचा. तो भागवायला लोक पर्सनल लोन काढतात, सोनं ठेवतात, त्याचं व्याज कोणी होम लोनच्या हिशोबात धरत नाही पण ते ह्याच घराचं व्याज आहे.

दुसरं, बांधकाम चालू असलेला फ्लॅट असेल तर जीएसटी ५ टक्के. ६५ लाखांवर सव्वातीन लाख. ४५ लाखांच्या आतलं आणि ठरलेल्या कार्पेट एरियात बसणारं घर असेल तर १ टक्का. कम्प्लिशन सर्टिफिकेट मिळाल्यावर घेतलं तर जीएसटी नाही. किंमत ५० लाख किंवा वर असेल तर विकणाऱ्याला पैसे देताना १ टक्का टीडीएस कापून भरायची जबाबदारी घेणाऱ्याची. तो जादा खर्च नाही, पण विसरलात तर व्याज आणि लेट फी तुमच्या डोक्यावर.

तिसरं, टायटल. आपल्याकडे जुन्या घरांना, जमिनींना वाटेकरी किती असतात ते सांगायला नको. इन्व्हेंटरी (वारसांमधली वाटणी) झालीय का, फॉर्म एक-चौदावर (जमिनीच्या उताऱ्यावर) नाव कोणाचं आणि इतर हक्कांच्या रकान्यात कूळ किंवा मुंडकाराचं (दुसऱ्याच्या जमिनीत घर करून राहणाऱ्याचं) नाव आहे का, सनद (जमीन बांधकामासाठी वापरायची परवानगी) आहे का, निल एन्कम्ब्रन्स (बोजा नसल्याचा दाखला) किती वर्षांचं काढलं. बँकेचा पॅनलवरचा वकील सर्च रिपोर्ट देतो तो बँकेसाठी देतो. स्वतःचा वकील लावा, त्याची फी ही ह्या सगळ्यातली सगळ्यात कमी रक्कम असते. इथे लग्न रजिस्टर झालेल्या नवरा-बायकोची मालमत्ता, वेगळा करार केलेला नसेल तर, सामाईक असते, म्हणून विकणाऱ्याच्या बाजूने दोघांच्या सह्या लागतात. एक सही राहिली म्हणून पुढे दुरुस्तीखतासाठी वर्षं गेलेली मी बघितलीत, आणि तेवढ्या काळात ईएमआय थांबत नाही.

शेवंती_मडगाव

वकील साहेबांनी चांगलं लिहिलंय. मी त्यात भर घालते, प्री-ईएमआय. आमचा फ्लॅट बांधकाम चालू असताना घेतलेला. बँक टप्प्याटप्प्याने पैसे बिल्डरला देते आणि दिलेल्या रकमेवर फक्त व्याज घेते. समजा ३० लाख सुटले तर ८.५ टक्क्यांनी महिन्याला २१,२५० आणि त्यातला एक रुपया सुद्धा मुद्दलात जात नाही. वर आम्ही भाड्याच्या घरात, त्यामुळे भाडं पण आणि हे पण. पझेशन जेवढं लांबतं तेवढी ही रक्कम वाढत जाते. दोन वर्षं असं चाललं तर ५ लाख १० हजार झाले आणि लोन आहे तिथेच. म्हणून सुरुवातीपासून पूर्ण ईएमआय चालू करता येतो का ते बँकेला विचारा, बऱ्याच बँका देतात. प्रोजेक्ट गोवा रेराच्या (बिल्डरांवर लक्ष ठेवणाऱ्या सरकारी संस्थेच्या) साइटवर बघा, पूर्ण करायची तारीख तिथे असते आणि ॲग्रीमेंट रजिस्टर करायच्या आधी बिल्डर किमतीच्या १० टक्क्यांहून जास्त घेऊ शकत नाही, हे माहीत असू द्या.

आणि घर मिळाल्यावरचे खर्च. आपला पाऊस किती असतो. बाहेरच्या भिंतींचं वॉटरप्रूफिंग, टेरेसवर पत्रे, खाऱ्या हवेने ग्रिल गंजणं, सोसायटीचा मेंटेनन्स, पंचायतीचा किंवा पालिकेचा घरपट्टी कर. दर काही वर्षांनी एक मोठी रक्कम लागतेच. ईएमआय ठरवताना पगारातला शेवटचा रुपया त्यात घालू नका हो, पहिल्याच पावसाळ्यात भिंतीला ओल आली की क्रेडिट कार्डावर जावं लागतं.

डिजिटल_दिचोली

मी वेगळं मत मांडतो. लोन लवकर फेडण्यापेक्षा जादा पैसे एसआयपीत, म्हणजे म्युच्युअल फंडात दर महिन्याला थोडे थोडे, टाकावेत. लोन ८.५ ने, इक्विटीत १२ मिळाले तर साडेतीन टक्के आपले. प्लस टॅक्स बेनिफिट. होम लोन हे सगळ्यात स्वस्त लोन आहे, ते लवकर का फेडायचं?

अंत्रूजकन्या, फोंडा

दादा, १२ मिळाले "तर" हा भाग मोठा आहे. ८.५ टक्के तुम्हाला नक्की भरायचे आहेत, १२ नक्की मिळणार नाहीत. लोनमध्ये टाकलेला रुपया ८.५ टक्के वाचवतो आणि त्या वाचलेल्या पैशावर टॅक्स नाही. इक्विटीत वर्षाला सव्वा लाखाच्या वरच्या लाँग टर्म नफ्यावर १२.५ टक्के टॅक्स आहे. एफडीशी तुलना केली तर प्रश्नच नाही, एफडीचं व्याज टॅक्स जाऊन लोनच्या दरापेक्षा खूपच खाली येतं, तरी लोक एका हाताने एफडी करतात आणि दुसऱ्या हाताने ८.५ ने लोन फेडतात.

टॅक्स बेनिफिटचं पण नीट बघा. जुन्या टॅक्स पद्धतीत राहत्या घराच्या व्याजाची वजावट वर्षाला २ लाखांपर्यंत. माझ्या भावाच्या उदाहरणात पहिल्या वर्षाचं व्याज ४ लाख २१ हजार आहे, म्हणजे अर्ध्याहून जास्त व्याजावर काही मिळत नाही. ३० टक्क्यांच्या स्लॅबमध्ये असला तरी वाचतात ६२,४०० रुपये. आणि नव्या पद्धतीत, जी आता आपोआप लागू होते, राहत्या घराच्या व्याजाची वजावटच नाही. टॅक्स वाचवायला लोन चालू ठेवा असं अजून कोणी सांगत असेल तर त्याला विचारा कुठल्या पद्धतीत.

मांडवीकाठी, पणजी

इथे मी ताईंच्या बाजूने, पण एक अट घालतो. सगळे पैसे लोनमध्ये घालून हात रिकामे करू नका. सहा महिन्यांचे ईएमआय आणि घरखर्च बाजूला पाहिजेच. कोविडमध्ये कळंगुट पट्ट्यात हॉटेलांत काम करणाऱ्या किती जणांचे पगार बंद झाले ते आपण बघितलंय. लोनमध्ये गेलेला पैसा अडीअडचणीला परत मिळत नाही. ज्यांना दोन्ही हवं त्यांनी ओव्हरड्राफ्ट टाइप होम लोन बघावं, जादा पैसे त्या खात्यात ठेवले की तेवढ्यावर व्याज लागत नाही आणि पाहिजे तेव्हा काढता येतात. दर थोडा जास्त असतो, त्यामुळे ज्याच्या खात्यात खरंच बरी रक्कम पडून राहते त्यालाच ते परवडतं.

डिजिटल_दिचोली

एफडीचा मुद्दा पटला. एसआयपीवर मी अजून ठाम आहे पण ज्याला पंधरा वीस वर्षं हात न लावता ठेवायचं जमतं त्याच्यासाठीच, हे मान्य. प्रीपेमेंटला पेनल्टी लागते ना पण?

कुळागर, सावईवेरे

फ्लोटिंग दराच्या होम लोनला व्यक्तीने घेतलं असेल तर लागत नाही. बँकांना २०१२ पासून बंदी आहे. पैसे कुठून आणले ह्याने पण फरक पडत नाही. फिक्स्ड दराचं असेल तर करार वाचा. काही ठिकाणी सुरुवातीची दोन तीन वर्षं फिक्स्ड आणि नंतर फ्लोटिंग असं लोन देतात, तिथे नीट विचारा.

पार्ट पेमेंट करताना अर्जावर स्पष्ट लिहा की ईएमआय तोच ठेवून मुदत कमी करावी. नाही लिहिलं तर काही ठिकाणी ईएमआय कमी करून ठेवतात. आणि ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक रिटेल लोनला बँकेने की फॅक्ट स्टेटमेंट द्यायला हवं, त्यात प्रोसेसिंग, लीगल, इन्शुरन्स वगैरे बँकेमार्फत घेतलेले सगळे खर्च धरून वार्षिक खरा दर काढलेला असतो. दोन बँकांची तुलना करायची तर जाहिरातीतला दर सोडा आणि हे दोन कागद शेजारी शेजारी ठेवा. ताई, भावाला सही करायच्या आधी हा कागद मागायला सांगा.

अंत्रूजकन्या, फोंडा

मागितला काका. एका बँकेचा दर ०.१० ने कमी दिसत होता पण खर्च धरून वार्षिक दर दुसरीपेक्षा जास्त निघाला, त्यात इन्शुरन्स घातलेला होता, सांखळीकरांनी सांगितलं तसाच. तो काढायला लावला. मुदत २० च घेतोय, २५ किंवा ३० नाही, आणि दर वर्षी ईएमआय वाढवायची सोय आहे का ते लेखी विचारलंय.

शेवंती_मडगाव

वकील साहेब एक विचारायचं होतं, आम्ही दोघंही को-ओनर आणि को-बॉरोअर आहोत. पुढे हा फ्लॅट भाड्याने दिला तर भाडं कोणाच्या नावावर दाखवायचं?

पाटोवरचा_वकील, पणजी

तुमचं लग्न गोव्याच्या सिव्हिल कोडप्रमाणे सामाईक मालमत्तेखाली असेल तर पगार सोडून बाकी उत्पन्न, त्यात घरभाडं आलं, टॅक्ससाठी नवरा-बायकोत अर्धं-अर्धं वाटलं जातं. इथल्या लोकांसाठी आयकर कायद्यात खास तरतूद आहे. गोव्याबाहेरच्या सीएकडून रिटर्न भरत असाल तर हे आवर्जून सांगा, बाहेर बऱ्याच जणांना माहीत नसतं.

रापणकार, काणकोण

काका मी बँकेत जाऊन आलो. बेस रेटच होता, कन्व्हर्जनचा अर्ज दिला. बाकी थोडीच उरलीय म्हणून वडील म्हणतात एकदम भरून टाकूया. लोन संपल्यावर काय काय घ्यायचं बँकेकडून?

कुळागर, सावईवेरे

वडिलांना सांगा चांगला विचार आहे. भरून झाल्यावर नो ड्यूज सर्टिफिकेट, आणि मूळ कागदांची जी यादी लोन घेताना दिली होती ती काढून एकेक कागद जुळवून घ्या. डिसेंबर २०२३ पासून नियम आहे, पूर्ण फेड झाल्यापासून ३० दिवसांत बँकेने कागद परत करायचे, बँकेच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई. सेरसाईवरचा (तारण मालमत्तांच्या केंद्रीय नोंदीतला) बोजा काढला का ते विचारा आणि महिना दोन महिन्यांनी सिबिलवर (आपल्या कर्जांच्या नोंदीत) लोन क्लोज दिसतंय ना ते बघा.

पाटोवरचा_वकील, पणजी

ह्यात एक जोडतो. मॉर्गेज डीड सब-रजिस्ट्रारकडे रजिस्टर केलेलं असेल तर नुसत्या नो ड्यूजवर थांबू नका. बँकेकडून रिलीज डीड (बोजा सोडल्याचा दस्त) घेऊन ते पण काणकोणच्या सब-रजिस्ट्रारकडे रजिस्टर करा. नाहीतर दहा वर्षांनी घर विकायला काढाल तेव्हा एन्कम्ब्रन्स सर्टिफिकेटवर बँकेचा बोजा तसाच दिसेल, आणि तोपर्यंत ती ब्रँच दुसऱ्या बँकेत विलीन झालेली असली तर जुनी फाइल शोधत हिंडावं लागतं. वडील हयात आहेत, सह्या करायला सगळे जागेवर आहेत, तोवर हे काम करून घ्या.

रापणकार, काणकोण

रजिस्टरच केलेलं आहे, पावती सापडली. सोमवारी ब्रँच मॅनेजरांना भेटतो, रिलीज डीडचा ड्राफ्ट त्यांच्याकडून मागतो.